पोदेर येतो कसा?

(कौलांवर पाऊस. पागोळ्या. अग्रशाळेची ओसरी.)

गोव्यातल्या फोंडा तालुक्यातल्या एका देवळाची ही अग्रशाळा, म्हणजे भाविकांच्या मुक्कामाची जागा. श्रावणातला रविवार. आत मराठी लेखनाची कार्यशाळा चाललीय, आम्ही कॅमेरा घेऊन आलोय. शिकवणाऱ्या निवृत्त शिक्षिका आहेत, सगळे त्यांना नुसतं ‘बाई’ म्हणतात. हातात लाल पेन. समोर कॉलेजातल्या एका मुलाची वही.

(वहीचं पान, जवळून.)

‘पहाटेच्या नितांतसुंदर, धुंद, मंगलमय वातावरणात पाव-विक्रेत्याचे आगमन होते.’

पेन चालतं. नितांतसुंदर गेलं. धुंद गेलं. मंगलमय जाताना मुलाचा चेहरा बघा.

‘पाव-विक्रेता कोण रे? घरी काय म्हणता?’

‘पोदेर. पण ते मराठी नाही ना, बाई?’

बाई हसतात. पोदेर आला पोर्तुगीज ‘पादेइरो’वरून, खरं आहे. पण मग पावसुद्धा तिकडूनच आला. बटाटा, चावी, घमेलं, पगार, सगळी त्याच गलबतातली मंडळी. पोदेराला दारातून परत पाठवायचं, तर पगारही परत करावा लागेल!

आता उरलं, ‘पहाटे पोदेराचे आगमन होते.’ आगमन होते म्हणजे येतो. ‘पहाटे पोदेर येतो.’ वाक्य सुटसुटीत झालं, पण अजून त्यात जीव नाही. बाई पेन खाली ठेवतात आणि एकदम कोंकणीत शिरतात: ‘आनी तूं खंय आसता तेन्ना?’

‘अंथरुणात. आधी हॉर्नच ऐकू येतो, फणसाच्या वळणावर. आई पिशवी शोधत असते, तोवर तो निघून जातो.’

‘अरे, मग हेच लिही ना!’

(मुलगा लिहितो. खोडतो. पुन्हा लिहितो.)

‘फणसाच्या वळणावर पोंऽ पोंऽ वाजलं. आई पिशवी शोधतेय तोवर पोदेर पुढच्या वाड्यावर पोचलासुद्धा.’

विशेषण एकही नाही. त्या शेवटच्या ‘सुद्धा’त आईची सगळी धांदल आलीय.

(फळा. खडू.)

आता फळ्यावर पाव मांडलाय. पोय, कांकण, उंडो हे त्याचेच प्रकार. ‘पोदेरानं पाव दिला. पोय दिली. कांकण दिलं.’ क्रियापद पोदेराकडे बघतसुद्धा नाही, ते पावाच्या मागे जातं. हा आपला कर्मणी प्रयोग, रोजच्या बोलण्यातला. इंग्रजीची पुस्तकं वाचून कर्मणी टाळा म्हणणाऱ्यांनी मराठीला उगाच कामाला लावू नये. खरा दोषी वेगळाच आहे, तो आम्हाला येताना फेरीबोटीच्या धक्क्यावर भेटला.

(फलक. भिजलेला.)

‘काम हाती घेण्यात आलेले असून वाहतूक वळविण्यात आलेली आहे.’ घेतलं कोणी? वळवली कोणी? ‘ण्यात येणे’ची गंमत हीच, कर्ता पळून जातो आणि वाक्य शिस्तीत उभं राहतं.

परत फळ्याकडे. बाईंचा लाडका भाग आता येतो, म्हणून आम्हीही इथं थोडे रेंगाळलो. ‘उंडो खाल्ला’, ही नुसती बातमी. ‘खाऊन टाकला’, म्हणजे एकदाचा संपवला. ‘खाऊन घेतला’, म्हणजे पुढं वेळ मिळणार नव्हता. आणि ‘खाऊन बसलो’?

मागच्या रांगेतल्या आजोबांनी हात वर केलाय. ‘आज एकादशी होती, बाई.’

(हशा.)

टाकणं, घेणं, बसणं या क्रियापदांना इथं स्वतःचा अर्थ जेमतेम उरतो. ती बोलणाऱ्याचं मन सांगतात. ते सांगायला एरवी आणखी एक वाक्य लागलं असतं.

(राशोल. सेमिनरीची पांढरी भिंत.)

दक्षिण गोव्यातल्या सासष्टीतलं राशोल, जुनं नाव रायतूर. फादर स्टीफन्स या इंग्रज पाद्र्याचं ओवीबद्ध पुराण 1616 साली इथं छापलं गेलं. त्यातल्या मराठीच्या कौतुकाच्या ओव्या सभासमारंभात सगळेच म्हणतात. त्यानं कोंकणीचं व्याकरणही लिहिलं, हे तिथं फारसं कुणी काढत नाही. ते इथंच छापून निघालं 1640मध्ये, त्याच्या मृत्यूनंतर 21 वर्षांनी. ओवी रचणाऱ्या या परक्या माणसानं इथलं क्रियापद कुठं कसं वळतं, याकडेही कान दिला होता.

(अग्रशाळा. भिंतीला लावलेल्या रिकाम्या खुर्च्या.)

कार्यशाळेला माणसं कमी येतात. लेख देवस्थानच्या स्मरणिकेत छापून येतील.

मुलगा आपला उतारा वाचतोय. पावसामुळे आवाज नीट आला नाही. चित्र तसंच ठेवलंय.

(पहाट. फणसाचं वळण.)

दुसऱ्या दिवशी आम्ही इथं कॅमेरा लावून बसलो. पोंऽ पोंऽ. सायकल, मागं टोपली, टोपलीवर निळं प्लॅस्टिक.

दार उघडतं. आई बाहेर येते. आज पिशवी हातातच आहे.