मांगाच्या पानामागची पोरं

नमस्कार मंडळी! तुमच्यापैकी किती जण 'वन पीस' ही जपानी कार्टून मालिका बघतात? तुम्ही नसाल तर घरातली पोरं नक्की बघत असणार. त्याची मूळ कॉमिक, म्हणजे मांगा (जपानी कॉमिकला मांगा म्हणतात), जपानच्या शोनेन जंप साप्ताहिकात येते, आणि तिथे एका मालिकेला आठवड्याला साधारण 19 पानं द्यावी लागतात, आता गोष्ट पण रचायची आणि एवढी पानं शाईत पण काढायची हे एकट्याचं काम आहे का? नाहीच. मुख्य पात्रं लेखक काढतो, बाकी मागच्या बिल्डिंगा, स्टेशनवरची गर्दी, वेगाच्या रेघा, काळं भरणं, पेन्सिल खोडणं हे असिस्टंट पोरांकडे. स्टेशनची एक चौकट, त्यातली एकेक खिडकी पट्टी लावून काढायची, पहाट होते राव, आणि आपण ती दोन सेकंदात उलटतो.

खरी गोम पैशाची आहे. प्रकाशक पैसे देतो लेखकाला, तेही पानामागे, आणि त्यातूनच त्याने पोरांचा पगार, स्टुडिओचं भाडं सगळं भागवायचं. सातो शूहो या नावाजलेल्या मांगा लेखकाने 2009 च्या सुमारास आपले हिशेबच जाहीर केले होते, की पानांच्या पैशात असिस्टंटचा खर्चसुद्धा निघत नाही, पुढे पुस्तकं खपली तरच काही हाताला लागतं. मग ताण येतो कुणावर, तर सगळ्यात लहान पोरावर.

आणि त्याने तोंड उघडलं की उत्तर तयार, अरे तू शिकतोयस ना, ओदाने पण उमेदवारी केलीच की! केली, 'वन पीस'वाला ओदा आधी दुसऱ्याकडे असिस्टंटच होता. पण एका ओदामागे चाळिशीपर्यंत दुसऱ्यांची झाडंच काढत बसलेले किती, त्यांचं कोण बोलणार? बऱ्याच जणांना कागदोपत्री फ्रीलान्सर दाखवतात, म्हणजे ओव्हरटाइम गेला, विमाही गेला. 1 नोव्हेंबर 2024 पासून जपानमध्ये फ्रीलान्सरांसाठी कायदा आलाय, कामाच्या अटी लेखी द्यायच्या म्हणून. चांगलंय, पण रात्रभर बसवलं त्याचे जादा पैसे त्यातून मिळत नाहीत.

दुसरीकडे साइतो ताकाओ या मांगा लेखकाने 1960 मध्येच कंपनी काढून कामं वाटून दिली, स्टाफची नावं छापली. 2021 मध्ये ते वारले तरी त्यांची 'गोल्गो 13' ही मांगा चालूच आहे, तीच माणसं काढतायत. मग बाकीच्या प्रकाशकांना पानाच्या दरात असिस्टंटचा पगार वेगळा धरायला काय होतं?