दोन विजय, आठ पराभव

(पडद्यावर: विद्यापीठाच्या आवारातलं कारंजं. पाणी हळूहळू खाली बसतं. गर्दी स्तब्ध.)

दर वर्षी 14 नोव्हेंबरला हे कारंजं बंद करतात. मग सगळा हिवाळा ते कोरडंच असतं, पाणी पुन्हा उसळतं ते वसंत ऋतूत.

हे हंटिंग्टन. अमेरिकेतल्या वेस्ट व्हर्जिनिया राज्यातलं, ओहायो नदीकाठचं शहर. 1871 साली रेल्वेसाठी वसवलेलं. 1970 मध्ये इथली वस्ती होती 74 हजारांच्या आसपास. इथं मार्शल विद्यापीठ आहे आणि विद्यापीठाचा अमेरिकन फुटबॉलचा संघ आहे, 'थंडरिंग हर्ड'. धडधडत सुटलेला रानगव्यांचा कळप, असं काहीसं. नाव दणदणीत, पण खेळ बेताचा. 1960च्या दशकाच्या शेवटाकडं या कळपानं सलग 27 सामने विजयाचं तोंड पाहिलं नव्हतं. त्यात खेळाडू मिळवताना केलेल्या गैरप्रकारांमुळे त्यांच्या साखळीनं त्यांना निलंबितही केलं होतं. थोडक्यात, तेव्हा त्यांना कुणी डोक्यावर घेऊन नाचत नव्हतं.

(पडद्यावर: 1970 मधल्या कृष्णधवल छायाचित्रांची मालिका. बस, बॅगा, हसणारी मुलं.)

बाहेरगावी खेळायचं तर हा संघ सहसा बसनं जाई. त्या मोसमात विमान केलं ते एकदाच, नॉर्थ कॅरोलिनातल्या ग्रीनव्हिलला जाण्यासाठी. ईस्ट कॅरोलिनाविरुद्ध सामना होता. 17-14 असा गेला. हरलेली, दमलेली मंडळी शनिवारी, 14 नोव्हेंबर 1970 च्या संध्याकाळी परत निघाली.

हंटिंग्टनवर पाऊस होता, धुकं होतं, ढग खाली आले होते. विमानतळ डोंगराळ भागात. वैमानिकाला धावपट्टीची दिशा दाखवणारी यंत्रणा तिथं होती, उतरताना उंची किती हवी हे दाखवणारी नव्हती. डीसी-9 जातीचं ते विमान धावपट्टीच्या साधारण मैलभर अलीकडंच टेकडीवरच्या झाडांना धडकलं. विमानातले 75 च्या 75 जण गेले. त्यात 37 खेळाडू होते. प्रशिक्षक रिक टॉली होते, त्यांचे सहकारी होते. आणि संघाला पाठबळ देणारी गावातली मंडळी होती. डॉक्टर, नगरसेवक, व्यापारी, काही जण तर नवरा-बायको दोघंही. त्या रात्री 70 मुलांनी आई किंवा बाप गमावला. त्यातल्या 18 जणांचे दोघंही गेले.

सहा खेळाडूंची ओळख पटलीच नाही. स्प्रिंग हिल दफनभूमीत ते सहा जण एकत्र आहेत.

(थोडा वेळ फक्त वाऱ्याचा आवाज.)

आता एक नियम ऐका, कारण पुढची सगळी गोष्ट त्याच्यावर उभी आहे. त्या काळी कॉलेजच्या पहिल्या वर्षाच्या मुलांना मुख्य संघात खेळायची परवानगी नव्हती. त्यांचा वेगळा संघ असे. मुलांना हा नियम डाचायचा. हायस्कूल गाजवून आलेल्या पोरानं वर्षभर बाजूला बसायचं म्हणजे काय! पण त्या नियमामुळेच मार्शलची पहिल्या वर्षाची मुलं त्या दिवशी विमानात नव्हती. मुख्य संघातले उरले बोटांवर मोजण्याइतके. कुणी दुखापतीमुळे मागं राहिलेला, कुणी वडील वारले म्हणून घरी गेलेला.

खेळ कायमचा बंद करावा, असं म्हणणारे होते. त्यांचं काही चुकत होतं असं मला वाटत नाही. पण ठरलं ते खेळायचं. मग प्रशिक्षक मिळेना. एकानं होकार दिला आणि काही दिवसांत माघार घेतली. शेवटी मार्च 1971 मध्ये ओहायोतल्या वूस्टर या छोट्या कॉलेजातून जॅक लेंगेल आले. जुन्या प्रशिक्षकांपैकी रेड डॉसन अपघाताच्या वेळी नवे खेळाडू हेरायला मोटारीनं फिरत होते, म्हणून वाचलेले. ते आणखी एकच वर्ष थांबले आणि मग त्यांनी प्रशिक्षण कायमचं सोडलं.

माणसं पुरेनात, तेव्हा विद्यापीठानं राष्ट्रीय संघटनेकडं सूट मागितली: यंदा पहिल्या वर्षाच्या मुलांना मुख्य संघात घेऊ द्या. मिळाली. ज्या नियमानं मागची तुकडी वाचवली, तोच नियम बाजूला सारून नवी तुकडी मैदानात उतरली.

(पडद्यावर: सराव. खडूनं काढलेल्या रेघा, फळ्यावरचे बाण.)

हा खेळ आपल्याकडं फारसा कुणी पाहत नाही, म्हणून थोडक्यात सांगते. चार प्रयत्नांत चेंडू 10 यार्ड पुढं न्यायचा. नाही जमलं तर चेंडू समोरच्यांकडं. शेवटच्या पट्ट्यात नेलात तर टचडाउन, 6 गुण. दांड्यांमधून लाथाडलात तर 3. समोरच्या धिप्पाड रांगेला ढकलूनच वाट काढावी लागते आणि मार्शलकडं तशी ताकद नव्हतीच.

लेंगेल गेले त्याच राज्यातल्या वेस्ट व्हर्जिनिया विद्यापीठात, तिथले प्रशिक्षक बॉबी बाउडन यांच्याकडं. एरवी कुणी आपले डाव दुसऱ्याला दाखवत नाही. बाउडननी दाखवले, सामन्यांच्या फिती उघडून दिल्या. तिथं 'व्हीअर' ही पद्धत मिळाली. यात समोरच्या एका गड्याला मुद्दाम मोकळा सोडतात. तो कुठं झेपावतो ते पाहून क्वार्टरबॅक, म्हणजे चेंडू हाती घेऊन डाव चालवणारा खेळाडू, ऐन वेळी ठरवतो, चेंडू साथीदाराला द्यायचा की स्वतः घेऊन पळायचं. म्हणजे चढाईला गेलेल्यानं बचाव पाहून पाऊल बदलावं, तसं. ताकदीपेक्षा नजर महत्त्वाची.

पहिला सामना मोरहेड स्टेटशी, 29-6 असा हरले.

(पडद्यावर: फेअरफील्ड स्टेडियम. 25 सप्टेंबर 1971.)

दुसरा सामना घरच्या मैदानावर, सिनसिनाटीच्या झेवियर विद्यापीठाशी. मार्शलचे पहिले 3 गुण आले ते ब्लेक स्मिथच्या 31 यार्डांवरून मारलेल्या लाथेनं. हा मुळात सॉकरवाला. सामना 2 गुणांनी सुटला तेव्हा ते 3 किती मोलाचे होते ते कळलं. पण ते नंतर.

शेवटची काही सेकंदं. झेवियर 13, मार्शल 9. चेंडू शेवटच्या पट्ट्यापासून 13 यार्डांवर. क्वार्टरबॅक रेगी ऑलिव्हर, वर्षभरापूर्वी त्या नियमामुळे बाजूला बसलेला. तो एका अंगाला धावत सुटला, झेवियरची पोरं त्याच्यामागं लोटली, आणि त्यानं चेंडू छोटासा, हलकेच, उलट्या बाजूला दिला. टेरी गार्डनरनं तो घेतला. घड्याळात वेळ उरली नव्हती. गार्डनर पट्ट्यात पोचला.

15-13.

लोक मैदानात उतरले, आणि बराच वेळ कुणी घरी जाईना.

(पडद्यावर: धावफलक, एकामागून एक.)

पुढच्याच आठवड्यात मायामी ऑफ ओहायोनं त्यांना 66-6 असं तुडवलं. मोसमात पाच सामने असे गेले की मार्शलला एक गुणही मिळाला नाही. अधेमधे फक्त बोलिंग ग्रीनला 12-10 असं हरवलं, तेही घरीच. 13 नोव्हेंबरला, वर्षश्राद्धाच्या आदल्या दिवशी, ते टोलिडोत होते. टोलिडो त्या काळात अजिंक्य. 43-0. त्या रात्री परतताना कुणाच्या मनात काय होतं, हे मी तुम्हाला सांगायला जाणार नाही.

एकूण दहा सामने. दोन विजय, आठ पराभव.

यावर पुढं हॉलिवूडनं सिनेमा काढला. पण झेवियरच्या सामन्यानंतर सगळं सुरळीत झालं असं समजू नका. एका मोसमात जिंकलेल्या सामन्यांची संख्या हरलेल्यांहून जास्त व्हायला 1984 साल उजाडलं. मग मात्र 1992 आणि 1996 मध्ये आपल्या गटाचं राष्ट्रीय विजेतेपद, आणि 1999 मध्ये 13 पैकी 13.

(पडद्यावर: स्प्रिंग हिल. सकाळचं ऊन. कॅमेरा सहा जणांच्या स्मारकावरून शेजारच्या एका थडग्याकडं सरकतो.)

हा नेट रफिन. 1971 च्या संघाचा कर्णधार. दुखापतीमुळे तो विमानात नव्हता. नंतर मृतदेहांची ओळख पटवायला उभा राहिला तो हाच. 2001 मध्ये तो गेला, आणि त्याला इथं आणलं, या सहा जणांच्या शेजारी.