खोट्या वाक्याला कामाला लावताना

(दृश्य : सोलापूर, एमआयडीसीतली यंत्रमागाची शेड. जकार्डवर, म्हणजे पुठ्ठ्यातल्या भोकांवरून नक्षी विणणाऱ्या मागावर, चादर विणली जातेय.)

जकार्डच्या पुठ्ठ्यात भोक असेल तर सुई आत शिरते आणि ताण्याचा, म्हणजे उभा, धागा वर उचलला जातो. भोक नसेल तर धागा खालीच राहतो. होय आणि नाही, एवढी दोनच उत्तरं या मागाला ठाऊक आहेत, आणि त्याचं कधी अडत नाही. कारण हुकूम एकाच दिशेनं जातो, पुठ्ठ्याकडून धाग्याकडे. विणून झालेली चादर परत जाऊन पुठ्ठ्यातली भोकं बदलत नाही.

समजा बदलू लागली. वर आलेल्या धाग्यानं स्वतःचंच भोक बुजवलं आणि खाली गेलेल्यानं ते पुन्हा उघडलं. मग धागा वर असेल तर खाली जायला हवा, खाली असेल तर वर यायला हवा. ‘हे वाक्य खोटं आहे’ या वाक्याचंही असंच होतं. खरं मानलं की खोटं ठरतं, खोटं मानलं की खरं.

असा विरोधाभास कोंडून त्याच्याकडून काम करून घेणाऱ्या एका कल्पित शास्त्राची ही ओळख. त्याला आपण कोंडणशास्त्र म्हणू. नाव आणि नियम कल्पनेतले. पुढे येणारे सुटे भाग मात्र खरे आहेत आणि इलेक्ट्रॉनिक्सच्या दुकानात मिळतात.

पहिला नियम : विरोधाभासाला दोन गोष्टी लागतात, वेटोळं आणि नकार. वाक्य फिरून स्वतःपाशी यायला हवं आणि येताना उलटायला हवं. यातलं एक काढलं की विरोधाभास उरत नाही.

आजवरच्या बहुतेक उपायांनी वेटोळंच तोडलं. पाचव्या शतकातल्या व्याकरणकार भर्तृहरीनं वाक्यपदीय या ग्रंथात ‘सर्वं मिथ्या ब्रवीमि’, म्हणजे ‘मी बोलतो ते सगळं खोटं’, हे वाक्य घेतलं आणि सांगितलं की बोलणाऱ्याला त्या ‘सगळं’मध्ये हे वाक्य धरायचं नसतं. तत्त्वज्ञ बर्ट्रांड रसेलला १९०१मध्ये संचांच्या सिद्धांतात असाच विरोधाभास सापडला. १९०२मध्ये त्यानं तो तर्कशास्त्रज्ञ फ्रेगेला पत्रानं कळवला आणि १९०८मध्ये प्रकारांची उतरंड मांडून स्वतःविषयी बोलण्यालाच बंदी घातली. तर्कशास्त्रज्ञ तार्स्कीनं १९३३मध्ये भाषेचे मजले पाडले : खालच्या मजल्यावरच्या वाक्याचा खरेखोटेपणा वरच्या मजल्यावरूनच ठरवायचा. हे उपाय पक्के आहेत, पण कोंडलेला विरोधाभास त्यात नुसता पडून राहतो. त्याला कामाला लावलं ते गोडेल या गणितज्ञानं १९३१मध्ये आणि ट्युरिंग या गणितज्ञानं १९३६मध्ये, तेही एकेका सिद्धतेपुरतं.

म्हणून दुसरा नियम, आणि आमच्या मते सगळ्यात मोलाचा : वेटोळं तोडू नका, त्यात उशीर घाला. ‘खरं’ आणि ‘खोटं’ एकाच क्षणी आले तरच भांडण. आधी खरं, थोड्या वेळानं खोटं, पुन्हा खरं, असं झालं तर तो ठोका होतो. १९८२मध्ये अनिल गुप्ता आणि हान्स हर्झबर्गर या तत्त्वज्ञांनी सत्याच्या मूल्याकडे असंच टप्प्याटप्प्यानं पाहिलं. विजेच्या घंटेत हे त्याच्याही खूप आधीपासून चालत आलं आहे : वीज आली की लोखंडी पट्टी ओढली जाते, ओढली गेली की स्वतःचंच सर्किट तोडते.

(दृश्य : टेबल, भाग खोचून जोडायचा ब्रेडबोर्ड, मल्टिमीटर.)

आता प्रत्यक्ष कोंडणी. लागणारे भाग : सीडी ४०६९ यूबी ही सहा इन्व्हर्टरची (‘हो’चं ‘नाही’ आणि ‘नाही’चं ‘हो’ करणाऱ्या भागांची) आयसी, म्हणजे चिप, सीडी ४०१०६ ही श्मिट ट्रिगरची (चढताना आणि उतरताना वेगवेगळ्या व्होल्टला उलटणाऱ्या इन्व्हर्टरची) आयसी, १०० किलोओहमचे दोन, १० किलोओहमचा एक आणि १ किलोओहमचा एक रेझिस्टर, १० मायक्रोफॅरडचा इलेक्ट्रोलिटिक कपॅसिटर, १०४ छापलेला सिरॅमिक कपॅसिटर, लाल एलईडी आणि ५ व्होल्टचा सप्लाय. दोन्ही आयसींना पिन १४ वर ५ व्होल्ट, पिन ७ वर ग्राउंड. सिरॅमिक कपॅसिटर या दोन पिनांना खेटून लावा. न वापरलेल्या इन्व्हर्टरच्या इनपुट पिना ग्राउंडला जोडा. त्या लोंबकळत ठेवल्या तर आयसी स्वतःहून डगमगते, तापते आणि दोष आपल्या वेटोळ्यावर येतो.

आधी ४०६९. पिन १ इनपुट, पिन २ आउटपुट. दोन्ही १०० किलोओहमनं जोडा. मीटर साधारण २.५ व्होल्ट दाखवतो. ना खरं, ना खोटं, बरोबर मध्ये. तर्कशास्त्रज्ञ लुकासिएविचनं १९२०मध्ये तर्काला जे तिसरं मूल्य दिलं, ते इथं व्होल्टमध्ये मोजता येतं. पण ही कोंडणी महाग पडते : आतले दोन्ही ट्रान्झिस्टर अर्धवट चालू राहतात आणि वीज फुकट जाते.

रेझिस्टर काढा आणि तीन इन्व्हर्टरची साखळी करा. २ वरून ३ ला, ४ वरून ५ ला, ६ वरून परत १ ला. तीन नकार, म्हणजे शेवटी नकारच. मीटर पुन्हा २.५ व्होल्ट दाखवेल, आणि इथंच बहुतेक जण फसतात. वेटोळं आता वेगानं फिरतंय आणि मीटर फक्त सरासरी सांगतोय. व्होल्टेजचा आलेख दाखवणारा ऑसिलोस्कोप लावल्याशिवाय फरक कळत नाही. एका इन्व्हर्टरला साधारण ५० नॅनोसेकंद धरले, तर एका पूर्ण आवर्तनाला, म्हणजे तीन इन्व्हर्टरच्या दोन फेऱ्यांना, ३०० लागतात. सेकंदाला सुमारे ३३ लाख ठोके.

हेच डोळ्यांनी पाहायचं तर ४०१०६ घ्या. पिन १ आणि २ मध्ये १०० किलोओहम. १० मायक्रोफॅरडचं धन टोक पिन १ ला, ऋण ग्राउंडला. पिन २ वरून ३ ला, आणि ४ वरून १ किलोओहममधून एलईडी, पुढे ग्राउंड. सेकंदाच्या आत-बाहेर एक उघडझाप होते. एलईडी थेट पिन २ वर लावू नका, त्याचा भार वेटोळ्यावर येतो. या आयसीला चढताना साधारण २.९ व्होल्टला ‘हो’ वाटतं आणि उतरताना १.९ला ‘नाही’, हे अंतर आहे म्हणून वेटोळं मध्येच अडकत नाही. दोन्ही आयसींच्या पिना सारख्याच आहेत. चुकून ४०६९ बसवली तर उघडझाप होत नाही आणि माणूस वायरी तपासत बसतो. आधी आयसीवरचा नंबर वाचावा.

नकार सम संख्येत ठेवले तर? ४०६९चे दोनच इन्व्हर्टर घ्या : २ वरून ३ ला, ४ वरून १० किलोओहममधून १ ला. हे ‘हे वाक्य खरं आहे’ असं वाक्य झालं. खरं मानलं तरी जमतं, खोटं मानलं तरी जमतं. तर्कशास्त्राला त्याचंही उत्तर देता येत नाही. पिन १ क्षणभर ग्राउंडला टेकवून सोडा, ते तिथंच थांबतं. ५ व्होल्टला टेकवा, उलट बाजूला थांबतं. ही एका बिटची स्मृती आहे. कॉम्प्युटरच्या स्टॅटिक रॅमची पेटी अशीच, दोन इन्व्हर्टर आणि दोन दारं, मिळून सहा ट्रान्झिस्टर. विषम नकारांतून घड्याळ, सम नकारांतून स्मृती. निरुपयोगी मानलेल्या दोन वाक्यांमधून गणकयंत्राचे दोन मूळ अवयव मिळतात, याचं आम्हाला आजही मोठं अप्रूप वाटतं.

कोंडणी गळते कुठे? बाहेरचा सिग्नल नेमका घड्याळाच्या ठोक्यालाच बदलला तर स्मृतीची पेटी मधल्या व्होल्टवर तरंगत राहते. किती वेळ, ते आधी सांगता येत नाही. उपाय म्हणून एकामागे एक दोन फ्लिपफ्लॉप, म्हणजे ठोक्यालाच मूल्य टिपणाऱ्या स्मृतीच्या पेट्या, लावून एक ठोका थांबतात. धोका झपाट्यानं घटतो, शून्य मात्र कधीच होत नाही.

दुसरी गळती उष्णतेची. मे महिन्यात सोलापूरचा पारा चाळिशी ओलांडतो, पत्र्याखाली त्याहून जास्त. तापलं की इन्व्हर्टर मंदावतात आणि ठोके कमी होतात. म्हणून वेळ पाळायला हे वेटोळं नको, त्याला ३२,७६८ हर्ट्झचा क्वार्ट्झ क्रिस्टल हवा. पण याच दोषातून थर्मामीटर होतो : तीन इन्व्हर्टरचे सेकंदाचे ठोके मोजा, ज्ञात तापमानाच्या दोन ठिकाणी नोंद घ्या, मधलं हिशेबानं काढा. सप्लाय मात्र ५ व्होल्ट स्थिर ठेवणाऱ्या ७८०५ रेग्युलेटरमधून द्या आणि रेग्युलेटरला किमान ७ व्होल्ट मिळतील असं पाहा. व्होल्टेज घसरलं तरी ठोके मंदावतात. मग शेजारचा माग सुरू होताना लाइन दबली की तुमचा थर्मामीटर शेड तापल्याची नोंद करेल.