सेन्सर मागवण्याआधी तीन वायर मोजा

(मराठवाड्यातील गॅरेजचालक आणि आयटीआयच्या विद्यार्थ्यांसमोर दिलेलं व्याख्यान, संपादित स्वरूपात)

मंडळी, आज एकाच सेन्सरवर बोलायचं आहे. थ्रॉटल पोझिशन सेन्सर, म्हणजे रेस किती उघडली हे इंजिनच्या कॉम्प्युटरला (ईसीयूला) कळवणारा सेन्सर, आपल्याकडे खराब होण्यापेक्षा बदललाच जास्त जातो. लातूर घ्या, जालना घ्या, नांदेड घ्या, गाडी झटके मारत आली की स्कॅनर लागतो, थ्रॉटलचा कोड दिसतो, सेन्सर येतो, बसतो, आणि आठवड्याभरात गिऱ्हाईक तीच तक्रार घेऊन पुन्हा दारात उभं राहतं. पैसे त्याचे गेलेले असतात आणि नाव आपलं. वीस मिनिटं मीटर धरला असता तर दोन्ही वाचलं असतं.

आधी केबलवाली गाडी घेऊ, म्हणजे जिथं रेसचं पॅडल केबलनं थ्रॉटल ओढतं. एमपीएफआय (कार्बोरेटरऐवजी इंजेक्टर) आलेल्या ८००, अल्टो, व्हॅगन आर, सँट्रो या जुन्या पेट्रोल गाड्या गावोगाव अजून पळतायत आणि त्यांच्यातला हा सेन्सर उघड्यावर, हाताला लागेल असा आहे. थ्रॉटल बॉडीतल्या बटरफ्लायच्या (इंजिनात जाणारी हवा कमी-जास्त करणाऱ्या पाकळीच्या) दांड्याच्या टोकाला तो दोन स्क्रूंवर बसतो. आत कार्बनची एक पट्टी आणि तिच्यावर घासत फिरणारा पातळ काटा. पट्टीच्या एका टोकाला ईसीयू ५ व्होल्ट देतो, दुसरं टोक अर्थ, आणि काट्यावरून सिग्नल परत ईसीयूकडे. रेस बंद असताना सिग्नल साधारण ०.४ ते ०.९ व्होल्ट, पूर्ण दाबल्यावर ४ ते ४.७ च्या आसपास. नेमका आकडा त्या गाडीच्या मॅन्युअलमधूनच घ्या.

आता झिजतं काय? रोजच्या चालवण्यात रेस पूर्ण फार कमी वेळा दाबली जाते. उसाच्या ट्रॉल्यांमागून चाळीस-पन्नासवर सरकणारी गाडी घ्या. काटा पट्टीच्या सुरुवातीच्या तेवढ्याच तुकड्यावर दिवसभर पुढे-मागे होत राहतो आणि तिथला कार्बन उडतो. म्हणून अशा सेन्सरची तक्रार ठरलेली असते: हलक्या रेसवर, एका ठरावीक वेगाला गाडी झटके खाते, जोरात दाबली की सरळ जाते, पूर्ण सोडली तरी काही नाही. गिऱ्हाइकाला हाच प्रश्न विचारा, ‘कोणत्या वेगाला होतं, आणि रेस थोडी वाढवली की जातं का?’ उत्तर हो आलं तर सेन्सरवर संशय घ्यायला जागा आहे. सगळ्याच वेगांना गाडी मिसिंग करत असेल, चढावर ओढतच नसेल, तर आधी प्लग, कॉइल आणि पेट्रोलचं प्रेशर बघा.

झटका का बसतो तेही समजून घ्या. रेस सोडलेली आणि आरपीएम चढलेले असले की ईसीयू इंजेक्टर बंद करतो, उतारावर फुकट पेट्रोल जाऊ नये म्हणून. झिजलेल्या जागी काटा उचलला गेला की सिग्नल क्षणभर खाली पडतो. ईसीयूला वाटतं, पाय काढला. तो इंजेक्टर तोडतो. पुढच्या क्षणी सिग्नल परत येतो, इंजेक्टर चालू. हे सेकंदात अनेकदा होतं आणि गाडी उचक्या देते.

उलट बिघाडही आहे, आणि तो फार फसवतो. सिग्नल वर अडकला तर गाडी स्टार्टच होत नाही. बऱ्याच गाड्यांमध्ये क्रँक मारताना रेस पूर्ण दाबलेली दिसली की ईसीयू समजतो, इंजिन पेट्रोलने भरलंय, आणि इंजेक्टर बंद ठेवतो. पंप चालू, स्पार्क चांगला, तरी गाडी लागत नाही. अशा वेळी सेन्सरचा कपलर (वायरींचा जोड) काढून एकदा स्टार्टर मारा. सिग्नल तुटला की ईसीयू स्वतःचा ठरवलेला आकडा धरतो आणि गाडी लागते. लागली तर निम्मं निदान तिथंच झालं. नंतर कपलर जोडून कोड मात्र पुसायचा.

आता मीटर. त्याआधी बॅटरी बघा: बंद गाडीत १२.४ च्या वर, चालू गाडीत १३.८ ते १४.५. इथं गडबड असेल तर पुढचं कोणतंच माप भरवशाचं नाही.

चावी ऑन, इंजिन बंद, कपलर जोडलेलाच. मीटर डीसी २० व्होल्टवर. काळा प्रोब बॅटरीच्या निगेटिव्हला क्लिपनं पकडा. लाल प्रोबला बारीक टाचणी लावून ती कपलरच्या मागच्या बाजूनं, वायरीच्या कडेनं आत सरकवा. वायरीचं प्लास्टिक टोचू नका. त्या भोकातून पावसाचं पाणी शिरतं आणि पुढच्या वर्षी आत हिरवा गंज चढलेला असतो. टेस्ट लॅम्प इथं अजिबात लावायचा नाही. बल्ब जेवढा करंट ओढतो तेवढा या पाच व्होल्टच्या लाइनीला झेपत नाही, ईसीयू जाऊ शकतो.

तीन वायरींपैकी एकीवर ४.९ ते ५.१, एकीवर जवळपास शून्य आणि एकीवर अर्ध्या-पाऊण व्होल्टचा आकडा दिसला पाहिजे. रंगावर विसंबू नका, गाडीगणिक रंग बदलतात.

पाचच्या जागी काही नाही किंवा दोन-अडीच व्होल्ट दिसले तर सेन्सरला हात लावायच्या आधी थांबा. हीच पाचची लाइन बऱ्याचदा मॅप सेन्सर (इनटेकमधल्या हवेचा दाब मोजणारा) आणि एसीच्या प्रेशर सेन्सरलाही जाते. त्यातला एक आतून शॉर्ट झाला की सगळ्यांचे पाच व्होल्ट खाली ओढले जातात. एकेक कपलर काढत जा. ज्याचा काढल्यावर पाच परत येतील, तो गुन्हेगार. सगळे काढूनही येत नसतील तर बहुधा वायर कुठंतरी घासलेली असते. शेतातल्या आखाड्यावर महिना-दोन महिने उभी राहिलेली गाडी असेल तर बॅटरीखालचा आणि इनटेकखालचा हार्नेस (वायरींचा जुडगा) आधी बघा. सोयाबीन-कापसाचा माल घरात असतो त्या दिवसांत उंदीर तिथंच बस्तान मांडतात आणि वायरी कुरतडतात.

अर्थच्या वायरीकडे आपण सगळ्यात कमी लक्ष देतो, म्हणून जरा सावकाश सांगतो. काळा प्रोब बॅटरीच्या निगेटिव्हला, लाल सेन्सरच्या अर्थला, मीटर मिलिव्होल्टवर. इंजिन चालू करा, हेडलाइट लावा, ब्लोअर पूर्ण. आकडा ५० मिलिव्होल्टच्या आत हवा. शंभरच्या वर गेला तर इंजिन आणि बॉडीमधली अर्थ पट्टी उघडून घासून बसवा. आणि ही वायर पूर्ण तुटली तर? मग पट्टीतून करंटच वाहत नाही, काट्यावर आख्खे पाच व्होल्ट दिसतात. ईसीयू पी०१२३ टाकतो, म्हणजे सिग्नल जास्त. पी०१२३ दिसला की अर्धे लोक सेन्सर मागवतात. तुम्ही आधी अर्थ मोजा. पी०१२२ म्हणजे सिग्नल कमी. तिथं पाच व्होल्ट येतात का आणि सिग्नलची वायर कुठं बॉडीला चिकटली का, हे बघायचं. पी०१२१ आला तर अजून सावध राहा. तिथं ईसीयूनं थ्रॉटलचा आकडा मॅप किंवा हवेच्या सेन्सरशी ताडून पाहिलेला असतो आणि तो जुळला नाही. इनटेकला हवेची गळती असली किंवा मॅपच खोटं बोलत असला, तरी नाव थ्रॉटलचं येतं.

हे सगळं ठीक असेल तर सिग्नलवर या. एकानं आत बसून रेस शून्यापासून पूर्ण दाबायची, दहा सेकंद घ्यायचे, तेवढ्याच सावकाश सोडायची. आकडा चढताना एकदाही मागे येता कामा नये. पण डिजिटल मीटर सेकंदात दोन-तीनदाच आकडा बदलतो, क्षणभराची दरी त्यात दिसत नाही. जुना काट्याचा मीटर असेल तर तो फेकू नका. या कामाला तो सोन्यासारखा आहे, काटा टचकन खाली येतो आणि डोळ्याला दिसतं. स्कोप (व्होल्टचा आलेख दाखवणारं यंत्र) असेल तर प्रश्नच मिटला. स्कॅनरवर बघणार असाल तर थ्रॉटल आणि आरपीएम एवढ्या दोनच ओळी निवडा. वीस ओळी लावल्या तर प्रत्येकीचा आकडा सेकंदभर शिळा असतो.

थंड गाडीत काहीच सापडलं नाही म्हणून सोडून देऊ नका. परभणी-नांदेडच्या मे महिन्यात बॉनेटखाली जी भट्टी पेटते ती सकाळी आठला गॅरेजमध्ये नसते. सेन्सरला हेअर ड्रायरनं दोन-तीन मिनिटं गरम हवा द्या, स्क्रू ड्रायव्हरच्या मुठीनं हळूच टकटक करा, कपलर हलवा, आणि हे करताना आकड्यावर नजर ठेवा. कपलर हलवल्यावर आकडा उडाला तर आतली पिन सैल आहे. अशी पिन काढून घट्ट करणं हे पाच मिनिटांचं काम.

आता दोन गोष्टी ज्या माणसाच्या हातानं बिघडतात.

पहिली, थ्रॉटल बॉडीवरचा बटरफ्लायचा स्टॉप स्क्रू. काळ्या मातीची बारीक धूळ आणि इंजिनातून येणारी तेलाची वाफ मिळून बटरफ्लायच्या कडेला चिकट थर बसतो, हवा कमी पडते, स्लो (आयडल, म्हणजे रेस न देता चालणारे आरपीएम) उतरतं, एसी लावला की गाडी बंद पडते. उपाय आहे थ्रॉटल बॉडी आणि आयडल व्हॉल्व्ह साफ करणं. केलं काय जातं? तो स्क्रू दोन आटे फिरवला जातो. स्लो वाढतं, गिऱ्हाईक खूश. पण बंद रेसला ०.५ असलेला सिग्नल आता ०.८ झाला, आणि बऱ्याच गाड्यांत ईसीयू त्याला आयडल मानतच नाही. आयडल व्हॉल्व्हला तो हात लावत नाही, उतारावर इंजेक्टर तोडत नाही, ॲव्हरेज पडतं, चौकातल्या सिग्नलला गाडी येताना आरपीएम वर लटकतात. त्या स्क्रूच्या डोक्यावरचं कंपनीचं रंगाचं सील तुटलेलं दिसलं की समजा, कुणीतरी आधी हात मारलाय. साफ करताना बटरफ्लायच्या दांड्याच्या टोकावर स्प्रे थेट मारू नका. क्लीनर दांड्यातून सेन्सरमध्ये उतरतो. कापडावर घ्या आणि पुसा.

दुसरी गोष्ट जुन्या सीएनजी किटची. लॅम्डा कंट्रोलच्या (ऑक्सिजन सेन्सर बघून गॅस कमी-जास्त करणाऱ्या) किटांत थ्रॉटलच्या सिग्नलवरून एक वायर किटच्या डब्याला दिलेली असते, बहुतेक वेळा सोलून, पिळून, टेप मारून. तो जोड सैल झाला की सेन्सर चांगला असूनही सिग्नल उडतो. जोड पूर्ण सोडवा, मूळ वायर सोल्डर करून हीट श्रिंक चढवा, आणि पुन्हा मोजा. निम्म्या वेळा काम इथंच संपतं.

सेन्सर खराब निघालाच, तर नवा गाडीत बसवण्याआधी काउंटरवरच तपासा. मोबाइलच्या चार्जरमधून पाच व्होल्ट मिळतात. जुनी यूएसबी वायर कापून लाल आणि काळी सेन्सरच्या दोन टोकांना, मीटर मधल्या सिग्नलला, आणि हातानं फिरवा. आकडा एकसारखा चढला पाहिजे. स्वस्तातल्या मालात बॉक्समधूनच अडकणारा सेन्सर निघतो, आणि मग दोष वायरिंगवर जातो. कोणती पिन कुठली हे आधी पक्कं करा; चुकून सिग्नलच्या पिनला पाच व्होल्ट दिले आणि फिरवताना काटा अर्थच्या टोकाशी गेला, तर पट्टी जळते. बसवताना दांड्याची चपटी बाजू खाचेत बसवून, स्प्रिंगविरुद्ध थोडं फिरवून मग स्क्रू. स्क्रू हलक्या हातानं, प्लास्टिक तडकतं. भोकं लांबट असतील तर बंद रेसला मॅन्युअलचा आकडा येईपर्यंत सेन्सर फिरवून मगच आवळा.

नव्या गाड्यांत केबल नाही, बटरफ्लायला मोटार फिरवते. तिथं आत दोन सेन्सर असतात आणि कपलरला सहा वायरी: मोटारीच्या दोन, पाच व्होल्ट, अर्थ आणि दोन सिग्नल. बऱ्याच गाड्यांत एक सिग्नल चढतो तेव्हा दुसरा उतरतो आणि कोणत्याही कोनात दोघांची बेरीज ५ च्या आसपास राहते. काहींत दोन्ही चढतात, पण वेगळ्या मापानं. जुळलं नाही की पी२१३५ येतो, गाडी लिंप मोडमध्ये (कशीबशी घरी पोचण्यापुरत्या ताकदीवर) जाते, रेस घेत नाही. यांतले बरेचसे सेन्सर बिनघासणीचे असतात, त्यामुळे ओहम मोजून हाती काही लागत नाही. व्होल्टच मोजायचे. बंद गाडीत बटरफ्लाय थोडी उघडी दिसते. ती स्प्रिंगनं तशीच ठेवलेली असते, तो बिघाड नाही. आणि पोरांनो, चावी ऑन असताना तिथं बोट घालायचं नाही. मोटार बोट सोडत नाही.

या गाड्यांत सेन्सर बहुधा सुटा मिळत नाही, आख्खी थ्रॉटल बॉडी घ्यावी लागते. खर्च मोठा, म्हणून अर्थ आणि पिना दोनदा तपासल्याशिवाय गिऱ्हाइकाला तो आकडा सांगूच नका. आणि पॅडलचा सेन्सर विसरू नका. त्यातही दोन सिग्नल, बहुधा एक दुसऱ्याच्या दुप्पट. नव्या डिझेल गाडीची रेस तर ह्या पॅडलच्या सेन्सरवरच चालते. तिथं पी२१३८ आला तर बॉनेट न उघडता पायाशी वाका.

काम झालं की कोड पुसा आणि स्कॅनरमधून थ्रॉटलचं लर्निंग करा, म्हणजे ईसीयूला बंद रेसची जागा नव्यानं शिकवा. त्याची पद्धत प्रत्येक गाडीची वेगळी, मॅन्युअल बघून करा. मग एसी बंद ठेवून रेडिएटरचा पंखा एकदा लागून बंद होईपर्यंत गाडी स्लोवर ठेवा, नंतर एसी लावून बघा. शेवटी गिऱ्हाइकाला शेजारी बसवून, ज्या वेगाला तो म्हणाला होता त्याच वेगाला, त्याच हलक्या रेसवर दोन-तीन किलोमीटर चालवा. आणि जॉब कार्डवर दोन आकडे लिहा, बंद रेसचा आणि पूर्ण रेसचा. पुढच्या वेळी गाडी आली की बंद रेसचा आकडा सरकलाय का, हे कार्डावरूनच कळतं.