दारूचं बिल आणि पॅरिसचं विद्यापीठ

श्रोतेहो, नमस्कार. मध्ययुगीन युरोप म्हटलं की आपण ‘अंधारयुग’ म्हणून मोकळे होतो. शाळेत पाठ केलेल्या दोन ओळी लोकांना जन्मभर पुरतात. आज त्याच काळातल्या पॅरिस विद्यापीठाबद्दल बोलणार आहे.

आधी एक गोष्ट लक्षात ठेवा. तिथला विद्यार्थी हा चर्चचा माणूस. टाळूवरचे केस भादरलेले, तोंडी लॅटिन. पुढे तो धर्मगुरू होवो न होवो, कायद्याच्या दृष्टीने चर्चचा माणूस. राजाच्या शिपायाने त्याला हात लावायचा नाही, खटला चालायचा तो चर्चच्या न्यायालयात. इ.स. १२०० मध्ये राजा फिलिपने तशी सनदच दिली होती, आणि तीही एका गुत्त्यातल्या मारामारीनंतर! चर्चचा माणूस म्हणजे अर्थातच पुरुष. मुलींचा प्रश्नच नव्हता, आणि त्याबद्दल कुणाला काही वाटतही नव्हतं.

आता १२२९ साल. लेंटचे उपवास सुरू व्हायच्या आधीचे दिवस, म्हणजे आपल्या गोव्यात कार्निव्हाल असतो तेच. चाळीस दिवस तोंड बांधायचं, तर त्याआधी खाऊनपिऊन घ्या, असा सगळा रंग. काही विद्यार्थी गावकुसाबाहेर साँ मार्सेल भागात फिरायला गेले आणि एका गुत्त्यात शिरले. मॅथ्यू पॅरिस नावाच्या इंग्लिश मठवासीयाने ही हकिगत लिहून ठेवली आहे. दारू उत्तम होती, गोड होती, हेसुद्धा तो आवर्जून सांगतो. मला हा बखरकार त्यासाठीच आवडतो. हल्लीच्या इतिहासाच्या पुस्तकांत तह असतात, सनावळ्या असतात, पण दारू कशी होती ते कुणी सांगत नाही.

तर बिल आलं. इतके पैसे कसले, म्हणून वाद. वादावरून थपडा, थपडांवरून झिंज्या. शेजारीपाजारी मालकाच्या मदतीला धावले आणि विद्यार्थ्यांना बदडून हाकलून दिलं. विषय तिथे संपायला हरकत नव्हती. पण दुसऱ्या दिवशी ही मंडळी दोस्तांना घेऊन, तलवारी-सोटे घेऊन परत आली. पिंपं फोडली, दारू जमिनीवर ओतली, रस्त्यात दिसेल त्याला झोडपलं.

तक्रार गेली राणी ब्लांशकडे. तिचा मुलगा नववा लुई राजा खरा, पण जेमतेम चौदा वर्षांचा, कारभार आईच्या हातात. तिने शिपाई सोडले. शिपायांना शहराबाहेर विद्यार्थी सापडले, पण दंगा करणारे नव्हेत, खेळत असलेले भलतेच! त्यांच्यावर ते तुटून पडले. काही पोरं मेली.

आणि मरणारा कोण होता? चर्चचा माणूस! म्हणून म्हटलं, ते लक्षात ठेवा.

गुरुजन खवळले. ईस्टरनंतर महिन्याभरात न्याय मिळाला नाही तर सहा वर्षं शिकवणं बंद, असा त्यांनी ठराव केला. न्याय मिळाला नाही, आणि ते खरोखरच निघाले. विद्यापीठाला तेव्हा धड स्वतःच्या इमारती नव्हत्या, भाड्याच्या खोल्यांत वर्ग भरायचे. गुरुजी उठले की विद्यापीठ उठलं. कोणी ओर्लेआँला, कोणी आँजेला. इंग्लंडच्या तिसऱ्या हेन्रीने ‘आमच्याकडे या’ म्हणून निमंत्रण धाडलं. तुलूझला त्याच वर्षी नवं विद्यापीठ निघालं होतं. त्यांनी पत्रक काढलं: ॲरिस्टॉटलचे जे ग्रंथ पॅरिसमध्ये बंद आहेत ते आमच्याकडे खुशाल ऐका. आणि पुढे काय? दारू स्वस्त, पाव स्वस्त, मांस स्वस्त, मासे स्वस्त! भांडण कशावरून पेटलं ते कळलेलं दिसतंय.

दोन वर्षं हे चाललं. अखेर पोप नववे ग्रेगरी मध्ये पडले आणि १३ एप्रिल १२३१ रोजी त्यांनी आज्ञापत्र काढलं. विद्यार्थ्याला मारलं वा जखमी केलं आणि पंधरा दिवसांत भरपाई झाली नाही, तर शिकवणं थांबवण्याचा हक्क गुरुजनांना मिळाला. पुन्हा सांगतो, संपाचा हक्क, आणि तो खुद्द पोपकडून! खोल्यांच्या भाड्यावरून अन्याय झाला तरी हाच हक्क. सदाशिव पेठेत खोली शोधणाऱ्या पोरांनी हे कलम फ्रेम करून लावावं. डिपॉझिट परत न करणाऱ्या घरमालकांवर मला स्वतंत्र भाषण द्यायचंय, पण ते पुन्हा कधीतरी.

विद्यार्थ्यांनी शहरात शस्त्रं घेऊन फिरायचं नाही, हेही पोपनी त्यात घातलं. ॲरिस्टॉटलचे निसर्गविषयक ग्रंथ मात्र तपासून निर्दोष होईपर्यंत वापरू नयेत, असा हुकूम झाला. तो कुणी फारसा मनावर घेतला नसावा, कारण १२५५ मध्ये तेच ग्रंथ पॅरिसच्या अभ्यासक्रमात रीतसर लागले होते.

नमस्कार.