ॲलिसमचा ताटवा आणि मावा खाणारी अळी

पडद्यावर दिसणारा ॲलिसमचा हा पांढरा घोस एकच फूल वाटतो. प्रत्यक्षात त्यात चार-चार पाकळ्यांची असंख्य इवली फुले दाटीने बसलेली आहेत. मोहरी, मुळा आणि कोबी यांच्या कुळातील हे झाड मूळचे भूमध्य समुद्राच्या किनाऱ्यांवरचे आणि कॅनरी बेटांवरचे असून, रेताड, खडकाळ जमीन त्याच्या अंगवळणी पडलेली आहे. पुण्या-नाशिककडे ते हिवाळी फुलझाड म्हणून लावतात. वनस्पतिशास्त्राने त्याला आता लोब्युलॅरिया वंशात नेले आहे, तरी रोपवाटिकेत ॲलिसम म्हणूनच मागावे.

पावसाचा जोर ओसरल्यावर, सप्टेंबरअखेरीस किंवा ऑक्टोबरमध्ये, पेरणी करावी. तळहातावरचे हे तांबूस, चपटे बी राजगिऱ्याच्या दाण्याहून फारसे मोठे नाही. त्याला उगवण्यासाठी उजेड लागतो, त्यामुळे ते मातीत न पुरता ओलसर मिश्रणावर भुरभुरून बोटाने हलकेच दाबावे आणि झारीऐवजी बारीक फवाऱ्याने पाणी द्यावे, अन्यथा सगळे बी कुंडीच्या एका कडेला जाऊन साचते. साधारण आठ-दहा दिवसांत अंकुर दिसू लागतात. रोपे दाट राहिली तर ती बुडाशी कुजून कोलमडतात, म्हणून दोन रोपांत सुमारे 15 सेंटिमीटर अंतर राहील अशी विरळणी करावी. उपटलेल्या रोपांची हळहळ वाटू देऊ नये. खताचे लाड या झाडाला मानवत नाहीत, कारण नत्र जास्त झाले की पाने माजतात आणि फुले रोडावतात. दिवसाकाठी पाच-सहा तास ऊन आणि पाण्याचा चांगला निचरा एवढ्यावर ते खूश असते.

पहिला बहर उतरू लागला की कात्रीने वरचा एक तृतीयांश भाग सरसकट कापावा. कापल्यानंतर ताटवा काही दिवस बोडका दिसतो, पण पाणी चालू ठेवले तर नवी फूट येऊन पुन्हा फुले धरतात.

आता फुलावर हवेत एका जागी स्थिर राहिलेला हा कीटक नीट पाहावा. अंगावर पिवळे-काळे पट्टे असल्यामुळे तो गांधीलमाशीसारखा भासतो, परंतु त्याला पंखांची एकच जोडी आहे आणि नांगी मुळीच नाही. ही सिरफिड माशी. तिची सोंड आखूड असल्यामुळे ॲलिसमसारख्या उथळ फुलांतील मकरंद तिला सहज मिळतो, आणि अंडी तयार होण्यासाठी लागणारे परागकणही ती फुलांवरच खाते. त्यानंतर माव्याच्या, म्हणजे झाडाचा रस शोषणाऱ्या बारीक किडीच्या, वसाहतीजवळ ती एकेक पांढरे, लांबट अंडे घालते. अंड्यातून निघालेल्या अळीला पाय नसतात आणि दिसतही नाही. डोके डावीकडे-उजवीकडे फिरवत ती मावा चाचपडते, सापडलेला मावा उचलून धरते, त्यातील रस शोषून घेते आणि रिकामी कातडी टाकून देते. पूर्ण वाढ होईपर्यंत एक अळी शेकडो मावा फस्त करते. अमेरिकेत कॅलिफोर्नियातील सॅलिनास खोऱ्यात सेंद्रिय लेट्यूसच्या वाफ्यांमध्ये ॲलिसम मुद्दाम लावले जाते, ते याच अळीसाठी. त्या शेतांचे चित्रण आमच्याजवळ नाही; परंतु आपल्याकडे कोबी, वाल किंवा गुलाबाशेजारी ॲलिसमची एक ओळ लावून हेच निरीक्षण कोणालाही करता येईल.

अर्थात मोहरीच्या कुळातील झाड म्हटल्यावर कोबीवरचा चौकोनी ठिपक्यांचा पतंग आणि पांढरी माशी यांचाही वावर त्यावर होतो, त्यामुळे पानांची खालची बाजू अधूनमधून पाहत राहावी. मात्र मावा दिसताक्षणी फवारणीचा पंप उचलण्याची जी घाई आपल्याकडे होते, तिच्यात माव्याबरोबर ही अळीही मरते आणि पुढचा मावा निर्धास्त वाढतो. निंबोळी अर्कदेखील तिच्या दृष्टीने सर्वस्वी निर्धोक नाही. फारच प्रादुर्भाव झाला तर आधी शेंडे तपासावेत, अळ्या असलेली फांदी तशीच ठेवावी आणि उरलेला मावा पाण्याच्या जोरदार धारेने धुऊन काढावा.

मार्चच्या उन्हात फुले कमी होतात आणि झाडे वाळू लागतात. बी धरायचे असल्यास चपट्या शेंगा तपकिरी होताच, त्या फुटण्यापूर्वी, कागदावर झटकून घ्याव्यात. संकरित वाणाच्या बियांपासून मात्र तसाच रंग मिळेल, अशी अपेक्षा ठेवू नये.