जळणाऱ्या सर्किटचं संगीत

[दृश्य: तापून लालसर झालेला व्हॉल्व्ह (जुन्या इलेक्ट्रॉनिक यंत्रांतली काचेची नळी), अगदी जवळून. आधी फक्त मूळ आवाज; निवेदन त्यानंतर.]

हा आवाज कुठल्याही वाद्याचा नाही. सर्किटला सोसवणार नाही इतका विजेचा दाब दिला की ते आधी गुरगुरतं, मग किंचाळतं आणि शेवटी गप्प होतं. हे सर्किट आम्ही चित्रीकरणासाठी जोडून घेतलं. आता हाच आवाज पुन्हा काढा म्हणाल, तर ते जमायचं नाही. जळालं की संपलं.

1956 साली हॉलिवूडच्या एमजीएम कंपनीचा ‘फॉरबिडन प्लॅनेट’ हा विज्ञानपट आला, त्याचं पार्श्वसंगीत अशाच आवाजांचं होतं. पहिल्यापासून शेवटपर्यंत निव्वळ इलेक्ट्रॉनिक. पूर्ण लांबीच्या चित्रपटात हे पहिल्यांदाच घडत होतं. करणारे दोघे, नवरा-बायको : लुई आणि बेबे बॅरन.

[दृश्य: ग्रेनिच व्हिलेजमधला रस्ता, जुनी छायाचित्रं.]

1947 साली लग्न झालं आणि भेट म्हणून एक टेपरेकॉर्डर मिळाला. तेव्हा ही वस्तू घरात असणं म्हणजे अप्रूपच. न्यूयॉर्कच्या ग्रेनिच व्हिलेजमध्ये त्याच यंत्राभोवती त्यांचा स्टुडिओ उभा राहिला. अनाईस निन, ऑल्डस हक्सली यांच्यासारखे लेखक इथे आपलं लेखन वाचून ध्वनिमुद्रित करून गेले. संगीतकार जॉन केज यांच्या ‘विल्यम्स मिक्स’ या टेपवरच्या रचनेसाठी बॅरन दांपत्यानं शेकडो आवाज गोळा केले. रचना जेमतेम सव्वाचार मिनिटांची, पण फीत कापण्या-जोडण्यात महिनेच्या महिने गेले.

[दृश्य: ब्लेड, टेप, बोटं.]

ब्लेड कसं धरलंय बघा. फीत तिरकी कापायची. सरळ कापली तर जोडावर ‘टक्’ असं ऐकू येतं. उलटी लावली की आवाज उलटा. वेग कमी केला की चिवचिवाटाची घरघर होते. दोन टोकं चिकटवून गोल केला की तोच तुकडा हवा तितका वेळ फिरत राहतो.

आणि सर्किट? गणितज्ञ नॉर्बर्ट वीनर यांच्या 1948 च्या ‘सायबरनेटिक्स’ या पुस्तकात लुईंना त्याचं बीज सापडलं. प्राणी असो वा यंत्र, स्वतःच्या कृतीचा परिणाम पुन्हा स्वतःकडे येतो आणि त्यानुसार वागणं बदलतं. त्यातली समीकरणं घेऊन लुई सर्किट जोडत. एकेका पात्रासाठी वेगळं सर्किट, त्याचा स्वभाव वेगळा, आयुष्यही तेवढंच. ते जगत असताना टेप सतत चालू.

मग बेबे ऐकायला बसत. तासन्‌तास. बहुतेक सगळा गोंगाटच, त्यात मधेच काही सेकंद कामाचे. ते हेरायचे, कुठल्या प्रसंगाला लावायचे हे ठरवायचं, त्यांना लय द्यायची. सर्किटचं कौतुक होतं, कारण ते दिसतं. ऐकणारं माणूस पडद्यावर नुसतं बसलेलं दिसतं. आम्ही तसं चित्रीकरण करून पाहिलं आणि संकलनात काढून टाकलं. पण खरी संगीतरचना तिथेच होत होती, असं आमचं ठाम मत आहे.

[दृश्य: चित्रपटाचं पोस्टर.]

आधी त्यांच्याकडे फक्त काही मिनिटांचे ध्वनिपरिणाम मागितले होते. नमुने ऐकल्यावर अख्खा चित्रपटच हाती आला. यान उतरतं तो आवाज, अदृश्य राक्षसाची पावलं, क्रेल नावाच्या लुप्त जमातीचं संगीत, सगळं एकाच घाण्यातून निघालेलं. ध्वनिपरिणाम कुठे संपला आणि संगीत कुठे सुरू झालं, सांगता येत नाही. राक्षस मरतो तेव्हा ऐकू येतात ते खरोखरच एका सर्किटचे अखेरचे आचके आहेत.

वादकांच्या संघटनेशी वाद नको म्हणून श्रेयनामावलीत ‘संगीत’ हा शब्द आला नाही, ‘इलेक्ट्रॉनिक टोनॅलिटीज’ आलं. ऑस्करसाठी विचार झाला नाही आणि हॉलिवूडचा दुसरा चित्रपटही मिळाला नाही.

[दृश्य: 1976 च्या ध्वनिमुद्रिकेचं वेष्टण.]

ध्वनिमुद्रिका निघायला 20 वर्षं लागली, तीही त्यांनी स्वतःच काढली. 1970 मध्ये घटस्फोट झाला, तरी 1989 मध्ये लुई जाईपर्यंत दोघं एकत्र रचना करत राहिले. बेबेंनी 2000 साली कॅलिफोर्नियातल्या सांता बार्बराच्या विद्यापीठात ‘मिक्स्ड इमोशन्स’ ही नवी रचना केली. 2008 मध्ये त्या गेल्या.